श्लेष्मा प्रकृतीचा जावई

मला थंड माणूस खपत न्हाई. घराला आग लागली तरी 'बघू की' म्हणणारी जात! आन् माझ्या संयोगिताला लगीन करायचं हुतं ते नेमकं असल्याशीच. उदयसिंह त्याचं नाव. आमच्या आष्ट्याच्या गुऱ्हाळात रस शिजवून गूळ उतरवायचं काम त्याच्याकडं. कामाला चोख, पर आज काय इचारलं तर जवाब उद्या. त्यानं मागणी घातली आन् मी तडकाफडकी न्हाई म्हणाले. आठ दिस झालं, पोरगी माझ्याशी बोलंना.

त्या दुपारी सांगलीचे भरतेश वैद्य औषधाला गूळ न्यायला आले. उदयसिंह सर्दीनं बेजार. वैद्यांनी त्याची नाडी बघितली.

"श्लेष्मा प्रकृती," म्हणाले.

"आवं, म्हंजे काय?"

"श्लेष्मा म्हणजे कफ. जुने वैद्य माणसाचा स्वभावही त्यावरून सांगायचे. असा माणूस शांत, सावकाश, धरलेलं न सोडणारा. शब्द आलाय श्लिष् धातूवरून. चिकटणं, मिठी मारणं."

"अगं बया! शेंबडाचं येवढं कवतिक? मग माझी परकृती कंची?"

"पित्ताची. ती नाडी न बघताही कळते."

संयोगिता फिदीफिदी हसली. माझं डोस्कं फिरलं.

वैद्य जैन, दिवस मावळायच्या आत त्यांना घरी जेवायचं. म्हणून रस लवकर शिजवायला मीच चुलवाणाच्या जाळात उसाची चिपाडं कोंबली. रस भसाभसा फुगून काहिलीच्या काठाला आला. मी बोंब ठोकली. उदयसिंहानं जाळ मागं वढला, भेंडीचं बुळबुळीत पाणी वतलं आन् वर आलेली मळी झाऱ्यानं काढत ऱ्हायला. भेंडीच्या चिकटानं सगळी घाण धरून वर आणली.

"उतरव आता!" मी वरडले.

"अजून न्हाई, मावशी."

"आरं, वैद्य खोळंबल्यात!"

"अजून न्हाई."

गेल्या हप्त्यात हा तापानं घरी पडला, तवा मीच घाईनं काहील उतरवली हुती. गूळ बसलाच न्हाई, सगळी काकवी झाली. ते आठवलं आन् मी तोंड मिटलं. लय जड गेलं.

त्यानं पाण्यात पाकाचा थेंब सोडला. गोळी टणक झाली. मगच काहील उतरली. गूळ असा बसला, पिवळाधमक, की वैद्य ढेप घेऊन हसतच गाडीत बसले.

गाडी गेल्यावर मी म्हणाले, "उदयसिंह, माझं चुकलं. दिली पोरगी तुला."

गडी आपला नेहमीसारखा झारा धूत बसला. मी चिडून पुढं गेले, बघते तर डोळ्यातनं पाणी, नाकातनं पाणी, आन् झारा एकाच जागी घासतोय.

"सर्दी हाय, मावशी," म्हणाला.

"व्हय तर!" मी पदराचं टोक पुढं केलं. "शेंबूड पुसा, जावईबापू."