उलटं फिरलेलं लग्न

ब्याऐंशी सालची गोष्ट. पांढुर्ण्याचा मुकुंद सरकारी प्रचाराच्या गाडीवर सिनेमा दाखवायचा. गाडीचा खेळ रामाकोन्याला लागला, तेव्हा त्याच्या नत्थूमामांनी एका दगडात दोन पक्षी मारायचं ठरवलं. दुपारी भाच्यासाठी पोरगी पाहायची, सांजेला सिनेमा दाखवायचा.

पण मुकुंद पडला लाजाळूचं झाड! नलिनी आली, बसली, उठून गेली. याची मान पोह्यांच्या बशीतून वर होईल तर शपथ. दिसला तो फक्त तिच्या पातळाचा जांभळा काठ.

"खेळ होऊ द्या, मंग सांगतो," नलिनीचे वडील केशवराव म्हणाले.

दिवेलागणीनंतर पारासमोर पडदा लागला. जुना, मुका, दहा मिनिटांचा विनोदी सिनेमा. एक टोपीवाला समोरून येणाऱ्या पोरीवर भाळतो, तिच्या बापाची काठी चुकवताना तळ्यात पडतो आणि शेवटी तिच्या बोटात अंगठी घालतो. गाव हसून हसून लोळलं. बायकांमध्ये एक जण तर डोळे पुसत हसत होती. मुकुंदला जांभळा काठ दिसला आणि गडी जागीच गार झाला. इतकी गोड पोरगी आपण दुपारी पाहिलीच नाही!

सिनेमा संपला. तिच्याकडे बघता बघताच रीळ परत गुंडाळायला त्यानं मशीनचा खटका उलटा ओढला, पण आतला दिवा बंद करायचा विसरला. पडद्यावर अंगठी बोटातून निघाली, टोपीवाला तळ्यातून कोरडाठाक बाहेर उडाला आणि दोघं मागं मागं चालत रस्त्याच्या दोन टोकांना गेले.

"अवो माय, लगन मोडलं!" नलिनीची आत्या मनकर्णाबाई ओरडली. "अपशकुन झाला!"

केशवराव कडाडले, "ज्याले मशीन सांभाळता येत नाही, तो संसार काय सांभाळन?"

मुकुंदनं घाईघाईनं दिवा बंद केला. आत्ता कुठं मन बसलं होतं, तर पोरगी हातची चालली.

तेवढ्यात नलिनीच उठली. "आत्याबाई, दूर गेले खरे, पण कोणं पाठ फिरवली काय? शेवटपर्यंत एकमेकाकडंच पाहून राहिले होते." मग हळूच म्हणाली, "अन् बाबा, मशीनवाले बी मघापासून इकडंच पाहून राहिले."

सगळा पार खदखदून हसला. केशवरावांच्या मिशाही हलल्या.

"लावा जावईबापू, पुन्हा सुलटा लावा. या खेपेले मशीनकडं पाहा."

"हो," मुकुंद म्हणाला. दिवसभरात त्याच्या तोंडून निघालेला हा पहिला शब्द, आणि तोही त्यानं नलिनीकडे बघतच उच्चारला.