चार दिवसांचं पदक

वॉशिंग्टनहून आलेलं पत्र मी रस्त्याकडेच्या टपालपेटीपाशीच उघडलं. नाव सासऱ्यांचं होतं, ते मला दिसत होतं. पण यंदा, १९१७च्या एप्रिलमध्ये, जर्मनीशी युद्ध जाहीर झाल्यापासून या घरात येणारं प्रत्येक पाकीट मीच आधी पाहते. माझी हॅटी आठ महिन्यांची, तिचा खोकला हटत नव्हता, आणि तिचा बाप मर्टन येत्या गुरुवारी सैन्यात नाव नोंदवायला निघणार होता.

श्री. अल्वा टिबेट्स यांस. १८६३ साली, यादवी युद्धात, आपल्या पलटणीला दिलेलं शौर्यपदक नियमांत बसत नाही. आपलं नाव यादीतून काढलं आहे. पदक परत करावं.

मला वाईट वाटायला हवं होतं. मनात आलं ते इतकंच, की आता मर्टन जाणार नाही. त्या पदकाकडे बघत तो मोठा झालाय. दर मे महिन्यात गावातले म्हातारे सैनिक साथीदारांच्या कबरींवर लायलॅकची जांभळी फुलं वाहायला मिरवणुकीनं निघतात, सगळ्यांत पुढे बाबा, म्हणजे माझे सासरे, कोटावर ते पदक. तेच गेलं, तर हा कशाच्या जोरावर जाईल?

घरात आले तेव्हा भट्टीत शिजवलेला घेवडा टेबलावर आला होता. मर्टन राखेनं पदक घासत होता.

"बुधवारच्या मिरवणुकीत चमकायला पाहिजे, बाबा. मागच्या वर्षी त्या म्हाताऱ्या पेरलीची टोपीच जास्त चमकत होती."

"टोपी कुठली, टक्कल ते!" बाबा म्हणाले.

दोघं हसत असतानाच मी पत्र बाबांच्या बशीशी ठेवलं.

मर्टननं ते उचललं, मोठ्यानं वाचलं आणि लालबुंद झाला. "लाज नाही यांना! भरतीची मुदत संपलेली, घरी जायची मोकळीक, तरी राजधानी राखायला चार दिवस जास्त राहिलात तुम्ही!"

"हे दुसरं पत्र," बाबा म्हणाले. "पहिलं मी चुलीत घातलं."

"का?"

"कारण मी राहिलोच नव्हतो, मर्टन. तीनशे जण राहिले. आमचं गवत कापणीला आलं होतं, मी पहिली गाडी धरली. पुढे राहिलेल्यांची यादीच हरवली, म्हणून अख्ख्या पलटणीला पदकं वाटली. माझं टपालानं आलं. गावानं बँड लावला. मग कधी सांगायचं?" त्यांनी चमचा खाली ठेवला. "घरी आलो म्हणून तू जन्मलास. तूही घरीच राहा, पोरा."

हॅटी खोकली. तिला उचलून मी मर्टनकडे पाहत राहिले.

"मग तर जायलाच हवं," तो म्हणाला. "या घरातून कुणीतरी खरोखर गेलेलं असायला हवं."

"आणि ही?" मी हॅटीला त्याच्यापुढे धरलं.

"हिला तरी खरं पदक बघू दे."

बुधवारी बाबा मिरवणुकीला गेले नाहीत. गुडघा धरलाय म्हणून गावात सांगितलं. गुरुवारी मर्टननं पदक स्टार्चच्या रिकाम्या डब्यात घालून बांधलं आणि स्टेशनवर जाता जाता टपालात टाकलं.

त्यावर बाबा माझ्याशी एकदाच बोलले. "आधी तूच वाचलंस ना, पोरी? चूल पेटलेली होती."

मी चुलीत लाकूड सारलं.

पदक पोचल्याची चिठ्ठी वॉशिंग्टनहून पंधरा दिवसांत आली. मर्टन फ्रान्सला पोचल्याची अजून आलेली नाही.