कापायले कोनी सांगतलं

मंजुषा लॅबमधून घरी आली तेव्हा फाटकातच अॅव्होकॅडोच्या फांद्यांचा ढीग पडला होता. पानं अजून हिरवीगार होती. तिनं एक फांदी उचलली. शेंड्याला वाटाण्याएवढी फळं धरली होती. बोट लागताच त्यातली काही गळून पडली.

अंगणात तिचे भासरे, म्हणजे नवऱ्याचे, देवानंदचे, मोठे भाऊ खुशालराव, करवत पुसत बसले होते. त्यांच्यामागं झाडाचं खोड आणि फांद्यांचे खुंट तेवढे उरले होते.

हे झाड तिनं बीपासून वाढवलं होतं. बंगलोरला बहिणीकडे खाल्लेल्या फळाची बी रुमालात गुंडाळून ती अमरावतीला घेऊन आली होती. काड्या टोचून बी पाण्याच्या ग्लासावर ठेवली. रोप हातभर झाल्यावर बाजूनं फांद्या फुटाव्यात म्हणून शेंडा खुडला. सुरुवातीचे उन्हाळे रोपानं हिरव्या जाळीखाली काढले. इकडच्या उन्हात हे जगत नसते, असं सगळ्या गल्लीनं सांगून झालं होतं. यंदा माघात झाडाला पहिल्यांदा मोहोर आला, आणि तो टिकलाही.

"भाऊजी, हे काय केलं?"

"मोकळं केलं झाड," खुशालराव म्हणाले. "लय गचपण झालं होतं."

"मले इचारलं होतं?"

त्या घरात खुशालरावांपुढे आवाज चढवायची रीत नव्हती. बाप गेल्यावर देवानंदला त्यांनीच शिकवलं होतं. ते वलगावच्या आपल्या संत्र्याच्या बागेतून आले की मंजुषा डोक्यावर पदर घेऊन ताट वाढायची आणि आत जायची. आज पदर खांद्यावरच राहिला.

"तुमच्या संत्र्याले मी कधी हात लावला काय? याले फळ धरलं होतं. ते शेंड्यालेच धरते. आन एप्रिलमदी कोनी असं उघडं करते झाडाले? साल जळून जाईल याची. तुमाले संत्रा समजते म्हनून साऱ्या दुनियेचे झाडं समजतात काय?"

खुशालरावांनी एकदा देवानंदकडे पाहिलं. तो नळाजवळ उभा राहून मोबाइल बघत होता. खुशालरावांनी करवत पोत्यात गुंडाळली, मोटरसायकलला किक मारली आणि न जेवता निघून गेले.

"दादाले असं बोलाचं नव्हतं," देवानंद संध्याकाळी म्हणाला. "फोन करून माफी माग."

"नाई मागत."

तीन-चार दिवसांनी जाऊबाईंचा, खुशालरावांच्या बायको पार्बताबाईंचा फोन आला. "मंजुषा, तुले राग आला ते बरोबर हाय. पन याईले दोष देऊ नको. देवानंदनंच बलावलं होतं. म्हने, नवी कार घेतली, तिले आत जागा नाई, तेवढं झाड आवरून द्या. याईनं इचारलं, मंजुषाले सांगतलं का? तर म्हने, तिनंच सांगतलं."

मंजुषानं फोन ठेवला. त्या दिवशी ती भासऱ्यांना तोंडावर बोलत होती आणि हा माणूस चार पावलांवर उभा राहून ऐकत होता.

देवानंद घरी आला तेव्हा ती दारातच उभी होती. "कापायले मी सांगतलं होतं?"

तो चपला काढता काढता थांबला. "गाडी रस्त्यावर राहत होती. तुले इचारलं असतं तर तू आयकलं नसतं."

"नसतंच आयकलं."

"मंग?"

"मंग काय? म्हनून मी ड्युटीवर असताना उरकलं? माह्या नावानं खोटं बोलून? आन मी भाऊजीले बोलून राहिली होती तवा तुमी मोबाइल पाहून राहिले होते."

"झाडच तर हाय. फुटन परत."

आतापर्यंत तिचा आवाज हळू होता. हे ऐकल्यावर तिनं खुंटीवरची किल्ली काढून त्याच्या हातात दिली. "गाडी रस्त्यावर काढा. आत्ता."

"रस्त्यावर घासून जाईल कोनी."

"जाऊ द्या."

गाडी बाहेर गेली.

रविवारी ती एकटीच वलगावला गेली. खुशालराव संत्र्याच्या बागेत होते. "भाऊजी, तुमाले बोलली ते चुकलं. मले मालूम नव्हतं."

"आता मालूम झालं ना. बस."

"तवाच काहून नाई सांगतलं?"

"तुयासमोर त्याले खोटं पाडू काय? भाऊ हाय माहा."

माफी मागायला आलेल्या मंजुषाचं डोकं पुन्हा तापलं. "म्हनजे त्याची इज्जत राहिली, मी तुमच्यासमोर वाईट झाली तरी चालते. कापाच्या आदी एक फोन मले करता आला असता. करावा वाटला नाई तुमाले."

खुशालराव बागेतल्या झोपडीत गेले. तिथून त्यांनी चुना आणि मोरचुदाची पिशवी आणली. "कालवून खोडाले लाव. कापलं तिथंबी लाव. संत्र्याले आमी हेच लावतो. तुया झाडाले चालते का, ते मले नाई सांगता येत."

तिनं पिशवी घेतली. चहाला थांबली नाही.

खोडाला लेप लावायचं काम तिनं देवानंदला सांगितलं. तो स्टुलावर चढून घामाघूम होत लावत होता, तिनं स्टूल धरलं नाही. जाळीही त्यानंच बांधली. तरी पश्चिमेकडची साल तडकली आणि एक खुंट मे महिन्यात पार वाळला.

पाऊस लागल्यावर बाकीच्या खुंटांवर झुबक्यानं फूट आली. मंजुषा बाहेरच्या बाजूला जाणारे कोंब ठेवून बाकीचे खुडत होती. देवानंद जवळ येऊन उभा राहिला.

"इतके काहून तोडून राहिली? आत्ताच तर फुटले."

"सारेच ठेवले तर एकबी दमदार होत नाई."

"फळ कधी धरन?"

"दोन वर्षं तरी नाई. धरलंच तर."

आता किराणा, गॅस, लाइटबिल यांचं बोलणं दोघांत चालायचं. भाजी काय करू, हेही ती विचारायची. गाडी मात्र अजून रस्त्यावरच उभी असायची आणि ती आत घ्यायचं नाव त्यानंही काढलं नव्हतं. थोड्या वेळानं तो आत जाऊन चहा करून घेऊन आला. मंजुषानं कप घेतला, चहा प्यायली. राग गेला नव्हता, आणि तो गेल्यासारखं दाखवायची तिची इच्छाही नव्हती. कप पायरीवर ठेवून ती पुन्हा कोंब खुडायला लागली.