वीसपैकी वीस

"आई, वढून पाह्य. तुटत नाही ते," अश्विनी म्हणाली.

कोकिळानं बोटांतला गोळा ओढला. तो वीतभर लांबला, पण तुटला नाही. सोडला तसा सावकाश मागं सरकून पुन्हा गोळा झाला. कोकिळाला ते काही बरं वाटलं नाही. पण लेकीचे डोहाळे होते, सातवा महिना होता, म्हणून ती गप्प राहिली.

अश्विनी पहिल्या बाळंतपणासाठी पुण्याहून डोणगावला आली होती. येताना तिनं चिकट तांदळाच्या पिठाचं पाकीट आणलं होतं. हे पीठ साखर-पाण्यात कालवून वाफवायचं, घोटायचं, म्हणजे जपानी लोक खातात तो चिवट गोळा होतो. त्याला मोची म्हणतात. ती बिस्किटाच्या पोटात भरायची आणि बिस्कीट भाजायचं. पुण्यातल्या शेजारणीनं एकदा खाऊ घातल्यापासून तिच्या जिभेवर तेच बसलं होतं. घरात भट्टी नव्हती, पण कोकिळा जुन्या कुकरात मीठ तापवून त्यावर नानकटाई भाजायची. तीच युक्ती इथं चालली. पांढरा गोळा कोकिळाला आजारी माणसासारखा फिकट दिसला, म्हणून तिनं त्यात दोन चमचे गुलाबाचं सरबत ओतलं. गोळा छान गुलाबी झाला. मायलेकी कौतुकानं पाहत राहिल्या. त्या गुलाबी रंगाचं दोघींच्याही ध्यानात काही आलं नाही.

खरं तर यायला हवं होतं. या घरात पाच वर्षं काही भरून केलेलं नव्हतं. पुरणाची पोळी नाही, करंजी नाही, भरली वांगी नाहीत. कारण घरात इंद्रभान होता.

इंद्रभान म्हणजे कोकिळाचा नवरा. जिनिंगवर कापसाची प्रत ठरवायचं काम करण्यात त्याचा जन्म गेला. पण गावात मान होता तो त्याच्या नजरेला. दिवाळीच्या आधी लोक त्याला वावरात न्यायचे. तो धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून, चालत जायचा, चार बोंडं बोटांत दाबायचा आणि किती क्विंटल निघेल ते सांगायचा. चूक झाली तर पाच-दहा किलोंची. बोंड फोडून पाहणाऱ्याला तो हसायचा. म्हणायचा, बायको पाहायला गेल्यावर काय दात मोजता का?

ज्या साली बीटी कपाशीत गुलाबी अळी शिरली, त्या सालीही तो असाच हिंडला. बोंडं हिरवीगार होती, हाताला टणक लागत होती. मारुतीच्या पारावर बसून त्यानं सांगितलं, माल भरलेला आहे, फवारणीत पैसा घालू नका. चाळीस घरांनी ऐकलं. महिन्यानं बोंडं फुटायची थांबली. कृषी सहायक आला, झाडाझाडाची मिळून वीस बोंडं तोडली आणि इंद्रभानच्याच हातात दिली. त्यानं दोन्ही अंगठे जोडून पहिलं बोंड फोडलं. आत सरकी पोखरलेली, आणि तिच्यात गुलाबी अळी आरामात पडलेली. वीसपैकी वीस बोंडांत तेच. लोकांनी उभ्या कपाशीत गुरं सोडली. इंद्रभानला मात्र कोणी एक वाईट शब्द बोललं नाही. दोन शिव्या दिल्या असत्या तर माणूस वाचला असता, असं मला अजूनही वाटतं.

तेव्हापासून तो बंद वस्तू तोंडात घालत नसे. भेंडी, शेंग, अंडं फोडून पाहणं एक वेळ समजू शकतं, पण भाकरीचे पापुद्रेही तो उचकटून पाहायचा. दुधानं तोंड पोळलं की माणूस ताकही फुंकून पितो, म्हणून गाव आधी हसलं. मग त्यानं उशी उसवली, भिंतीवरचं घड्याळ उघडलं, आणि गावाचं हसू थांबलं. कोकिळा त्याला सांभाळून घेत गेली. माणूस कामावर जातो, कोणाला त्रास देत नाही, मग फोडेना का भाकरी.

पण अश्विनी आली आणि चार दिवसांत तिनं आईला चुलीपाशी गाठलं.

"बाबा माह्या पोटाकडं काऊन पाहून राह्यले?"

कोकिळानं हसून वेळ मारून नेली. नातवाचं कौतुक असतं बापाला, असं काहीबाही सांगितलं. खरं म्हणजे तिनंही ते पाहिलं होतं आणि ती घाबरली होती. स्वतःच्या नवऱ्याला आपण घाबरलो म्हणून तिला स्वतःचीच लाजही वाटत होती. पहिलं बाळंतपण माहेरी करायचं तिनं लेकीच्या लग्नापासून मनात धरलं होतं. म्हणून तिनं मनाशी ठरवलं, त्यानं हे एक भरलेलं बिस्कीट न फोडता खाल्लं, तर लेकीला इथंच ठेवायचं. तसं तिनं कोणाला सांगितलं नाही.

चारच्या चहाला तिनं ताट त्याच्यापुढं ठेवलं. वीस बिस्किटं होती. तेवढीच झाली होती, मुद्दाम कोणी मोजली नव्हती. त्यानं एक उचललं आणि दोन्ही अंगठे मधोमध टेकवले.

"तसंच खा ना," कोकिळा म्हणाली. "लेकीनं केलं हाय."

त्यानं अंगठे काढले. बिस्कीट ओठांपर्यंत नेलं. त्याला खायचं होतं, हे दोघींनाही दिसत होतं. कपाळावर घाम आला, जबडा उघडला, तसाच उघडा राहिला. अश्विनी त्याच्याकडं पाहून मान हलवत होती, लहान मुलाला औषध देताना हलवतात तशी. मग हात खाली आला आणि अंगठ्यांनी आपलं काम केलं.

बिस्कीट उकललं. आतलं गुलाबी, मऊ, ऊन ऊन होतं. दोन तुकड्यांमध्ये ते लांबलं, तुटलं नाही, आणि त्यानं एक तुकडा सोडताच हळूहळू अंग आखडून दुसऱ्या तुकड्यात जाऊन बसलं.

तेव्हा कुठं कोकिळाला आपण काय केलं ते कळलं. ती ताट उचलायला वाकली, पण त्यानं ताट धरून ठेवलं. ओरडला नाही, रागावला नाही. एकेक बिस्कीट घेऊन फोडलं आणि फरशीवर ओळीनं मांडलं. शेवटचं मांडून झाल्यावर बोटं धोतराला पुसली.

"वीसपैकी वीस," तो म्हणाला.

आवाज अगदी कामावरचा होता. आणि मग त्यानं मान वर करून लेकीच्या पोटाकडं पाहिलं. अश्विनीनं दोन्ही हातांनी पदर पुढं ओढून घेतला.

दुसऱ्या दिवशी दुपारी कोकिळा शेजारच्या पुष्पाबाईंकडून विरजण घेऊन परत आली. घरात काही आवाज नव्हता. अश्विनी खाटेवर कुशीला झोपली होती आणि इंद्रभान खाटेशी जमिनीवर बसला होता. त्याचे दोन्ही अंगठे जोडलेले, तिच्या पोटापासून चार बोटांवर होते. टेकलेले नव्हते, पण हलतही नव्हते. तेवढ्यात साडीखाली पोटाची एक बाजू उचलली गेली आणि बसली.

"हाललं," तो पुटपुटला.

कोकिळाच्या हातातलं भांडं तिथंच पडलं. अश्विनी दचकून उठली. इंद्रभान मागं सरकत सरकत भिंतीला टेकला. चेहऱ्यावर घाम होता, आणि डोळे इतके शहाणे होते की कोकिळाला रडू आलं. वेडा झाला असता तर तिनं त्याच्यावर राग तरी धरला असता.

"तिले पुण्याले घेऊन जाय," तो म्हणाला. "तू बी संगं जाय. बाळंतपण तिथंच कर."

"आन् तुमी?"

"मले समजते कोकिळा, आत लेकरू हाय. मी सोताले समजावून राह्यलो दोन दिसांपासून. पण हे हात माहं आयकत नाहीत." अंगठे मुठीत दाबून तो म्हणाला, "आज तू टायमावर आली."

अश्विनी उठून बापाजवळ जाऊ लागली, तर त्यानंच मान हलवून तिला लांब राहायला सांगितलं.

सकाळच्या मेहकर गाडीनं निघून पुढं पुण्याला जायचं ठरलं. इंद्रभान स्टँडवर आला. दोन जड पिशव्या त्यानं घरातूनच उचलल्या होत्या, एकेका हातात एकेक, आणि स्टँडवरच्या बाकावर जागा असूनही त्यानं त्या खाली ठेवल्या नाहीत. गाडीला उशीर झाला, अर्धा तास झाला, त्याच्या मनगटाच्या शिरा फुगल्या. कोकिळानं एक पिशवी घ्यायला हात पुढं केला तर तो बाजूला झाला. राहू दे, म्हणाला, अशाच बऱ्या हायेत. अश्विनीला त्यानं पोचल्यावर फोन कर म्हणून सांगितलं, तेही जमिनीकडं पाहून.

गाडी आली. कंडक्टरनं त्याच्याकडून पिशव्या घेऊन आत सरकवल्या. मायलेकी खिडकीशी बसल्या. अश्विनीनं खिडकीतून हात बाहेर काढला आणि हलवला. इंद्रभाननं दोन्ही तळवे बगलेत घट्ट दाबून धरले होते. लेकीला निरोप द्यायला त्याला हात हलवायचा होता, खांदा दोनदा उचललाही गेला. पण गाडी वळणावर जाईपर्यंत त्यानं हात काढला नाही, नुसती मान हलवत राहिला.