वटारची नऊ दिवसांची गैरहजेरी

वटारच्या सालोमीबायने इतकी पोरं या जगात आणली, की ती एका रांगेत उभी राहिली तर पहिला आगाशीच्या बाजारात उभा राहील आणि शेवटचा अर्नाळ्याच्या समुद्रात, गळ्याइतक्या पाण्यात. मोजायला जाऊ नका, थोडं इकडेतिकडे होईल. पण सरकारी नर्स म्हणून तिने तेवीस वर्षं नोकरी केली, यात रतीभर खोटं नाही. नेमकं तेवढंच सरकारला पटत नव्हतं.

नव्याण्णव साली तिच्या नवऱ्याला लकवा झाला. त्याला कुशीवर वळवायलाही दुसरं माणूस लागे. वीस वर्षं भरली की स्वतःहून निवृत्त होता येतं आणि पेन्शन सुरू होते, हे तिला पाठ होतं. त्या पेन्शनवर दोघांचं निभणार होतं. तिने तीन महिन्यांच्या नोटिशीचा अर्ज लिहिला आणि तालुक्याच्या कचेरीत हेडक्लार्क दिनानाथ पेडणेकरांच्या टेबलावर नेऊन ठेवला.

पेडणेकर बोळिंजच्या नव्या इमारतीत राहणारे, कडक इस्त्रीचे गृहस्थ. ते शिंकण्याआधी आवक-जावक रजिस्टरात नोंद करतात, अशी त्यांची ख्याती. त्यांनी सालोमीचं सेवापुस्तक उघडलं आणि जुलै एक्याऐंशीवर बोट ठेवलं. चौदा ते बावीस, नऊ दिवस मस्टरवर सही नाही. रजेचा अर्जही नाही. म्हणजे सेवेत खंड. खंडाच्या आधीची पाच वर्षं नियमाप्रमाणे धरायची नाहीत. उरली अठरा, आणि अठरा वर्षांवर सोडून जाणाऱ्याला पेन्शन नाही. आणखी दोन वर्षं काढा, त्यांनी सुचवलं, नाहीतर साधा राजीनामा लिहा, संध्याकाळपर्यंत मंजूर करून देतो.

राजीनामा लिहिला की तेवीसच्या तेवीस वर्षं पाण्यात, हे सालोमीलाही माहीत होतं. तो लिहिणारा हात अजून जन्माला यायचाय, असं तिने सांगितलं आणि ते नऊ दिवस कुठे होते तेही सांगितलं. मस्टर आरोग्य केंद्रावर, बाळंतिणी वटारला, आणि मधल्या रस्त्यावर पुरुषभर पाणी. एका बाळंतपणाला म्हणून ती गेली आणि नऊ दिवस अडकली. केळीच्या खांबांच्या तराफ्यावर बसून या वाडीतून त्या वाडीत जायची. सात पोरं जन्मली. तराफा वल्हवायला स्वतः बाळंतीणच बसली होती, असं वटारमध्ये अजून सांगतात. सालोमीने ते कधी नाकारलं नाही.

पेडणेकरांनी शांतपणे जन्माचं रजिस्टर पुढे केलं. त्या नऊ दिवसांत वटारचा एकही जन्म नव्हता. तेवीस तारखेला मात्र एकदम सात.

"एका दिवसात सात बाळंतपणं, बाई?"

अक्षर तिचंच होतं. रजिस्टर केंद्रावर असायचं. दहाव्या दिवशी गुडघ्यापर्यंत चिखलात ती तिथे पोचली, डोळे मिटत होते, आणि त्या दिवसाची तारीख टाकून तिने सातही नावं सरसकट उतरवली. त्यामुळे ती सातही पोरं शाळेत एकाच दिवशी वाढदिवस करत मोठी झाली होती, आणि गावाला त्यात गंमत वाटायची.

घरी येऊन तिने नवऱ्याला पेज भरवली, पण चमचा दोनदा गालाला लागला. शेजारची मार्गारेट हे बघत दारात उभी होती. ती म्हणाली, "बाय, माझ्या फेबियनला पाणी कोणी घातलं होतं?"

फेबियन त्या सातांतलाच, सातव्या महिन्यात आलेला, केळीच्या फणीपेक्षा हलका. रात्र काढणार नाही असं वाटलं, तेव्हा सालोमीनेच त्याच्या डोक्यावर पाणी घालून बाप्तिस्मा दिला होता. अशा वेळी कुणीही देऊ शकतं, फक्त चर्चच्या वहीत ते लिहावं लागतं. चर्च पाण्याच्या अलीकडे, वटारमध्येच होतं. फादरनी त्याच दिवशी लिहिलं होतं.

सोमवारी पेडणेकर डबा उघडत होते, तेवढ्यात वटार कचेरीत शिरलं. सातांपैकी सहा जण आले होते; सातवी, सुशीलाची अक्षया, लग्न होऊन डहाणूला गेली होती, तिने आपली जन्मपत्रिका पाठवली होती. तिच्या पत्रिकेत जोशीबुवांनी स्वच्छ लिहिलं होतं, एकोणीस जुलै, पहाटे पाच बारा, नर्सबाईंच्या घड्याळाने. चर्चच्या वहीच्या नकलेत होतं, सोळा जुलै, बाप्तिस्मा देणारी सालोमी, सरकारी नर्स.

पेडणेकरांनी सगळं वाचलं आणि परत सरकवलं. चर्चची वही सरकारी नाही, पत्रिका तर नाहीच नाही.

"मग सरकारी कागद घ्या," सालोमी म्हणाली. "लिहा, की फेबियन सोळा जुलैला जन्मला नाही. खाली सही करा, शिक्का मारा. आम्ही जातो."

फेबियन पुढे झाला. केळीचे दोन लोंगर दोन खांद्यांवर नेणारा अठरा वर्षांचा गडी. टेबलावर सावली पडली.

पेडणेकरांनी पेन उचललं, ठेवलं. "असं कसं लिहिता येईल?"

"मी गैरहजर होते हे लिहिता येतं ना? मग हाही गैरहजर होता म्हणून लिहा. दोघं एकाच खोलीत होतो."

कुणी हसलं नाही. सहाही जण फरशीवर बसले. पेडणेकरांचा डबा तसाच निवला. चार वाजता त्यांनी कोरा कागद ओढला, आणि नऊ दिवस कामावरचे धरावेत असा प्रस्ताव वर पाठवण्यासाठी स्वतःच्या हाताने लिहिला. त्यात एकही खाडाखोड नव्हती.

नोटिशीचे तीन महिने संपायच्या आत आदेश आला. तो घेऊन पेडणेकर स्वतः वटारला गेले. खुर्चीसकट गेले असं सांगणारेही भेटतील. सालोमी नवऱ्याची उशी सरळ करत होती. तिने कागद दोनदा वाचला, गादीखाली ठेवला, पाहुण्यांना सुकेळी दिली आणि समोर एक वही उघडून धरली.

"आलात त्याची तारीख आणि वेळ लिहा," ती म्हणाली. "सही ठळक करा. उद्या कुणी तुम्हाला गैरहजर ठरवलं, तर तुमच्यासाठी कोण बसणार आहे फरशीवर?"

पेडणेकरांनी घड्याळ पाहिलं आणि लिहिलं.