भिंतीतलं भोक

भिंती ओतायच्या कारखान्यात माझं काम साधं होतं. साच्यात लोखंडी जाळी बसली की प्लगपॉइंटची जागा राहावी म्हणून एक नळकांडं उभं करायचं. वर काँक्रीट पडायचं, वाफेवर भिंत कडक व्हायची आणि ट्रकवर चढून लेनिनग्राडच्या कडेला जायची. तिथे क्रेनने भिंतीला भिंत लावून इमारती उठत होत्या. त्यातल्याच एकीत आम्हाला घर मिळालं.

माझ्या नवऱ्याने, रोदिओनने, आजवर सात कुटुंबांच्या सामायिक स्वयंपाकघरात कुजबुजत संसार केलेला. नव्या घरात गडी सुटलाच. "क्लावा, भिंत आपली, दार आपलं. आता पोटभर बोलू दे," म्हणाला, आणि बोलला. त्याचा भाऊ वेन्या कैद्यांच्या छावणीत कसा मेला, त्याला तिथे कुणी सही करून धाडलं, सगळं. शुक्रवारी वेन्याचा स्मृतिदिन होता. मित्रांना बोलावून त्या सही करणाऱ्याचं नाव सांगणार, असंही तो मोठ्याने म्हणाला.

तेवढ्यात कुणीतरी खोकलं, अगदी आमच्या टेबलाशी बसून खोकावं तसं. मी प्लगपॉइंटकडे पाहिलं आणि ध्यानात आलं. नळकांडं भिंतीच्या आरपार असतं, दोन्ही घरांचे प्लगपॉइंट एकाच भोकात बसतात. कारखान्यात आम्ही त्याला काटकसर म्हणायचो.

मी रोदिओनचं तोंड दाबलं आणि बोटाने ते भोक दाखवलं. तो पांढराफटक पडला.

पलीकडे ग्लेब तिखोनोविच राहायचे. कुठल्याशा कचेरीत होते. कुठल्या, ते कुणी विचारत नसे. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी तेच दारात उभे, हातात कालवलेलं प्लास्टर. त्यांची बाजू भरून झाली होती, आता आमची भरू या म्हणाले. फ्यूज काढून त्यांनी भोक नीट बुजवलं.

निघताना त्यांनी विचारलं, "आमच्याकडचं काही ऐकू आलं का तुम्हाला, क्लावदिया इल्यीनिच्ना?"

"काही नाही हो."

"आम्हालाही नाही." त्यांनी बोटं पुसली. "शुक्रवारी मात्र आवाज जरा बेताने."

मित्रांना आम्ही येऊ नका म्हणून कळवलं. शुक्रवारी वेन्याच्या नावाने पेला भरला, गेलेल्या माणसासाठी ठेवतात तशी वर काळ्या पावाची चकती ठेवली. रोदिओन नुसते ओठ हलवत होता. ग्लेब तिखोनोविच समजावून गेले की धमकावून, हे मला अजून ठरवता येत नव्हतं. मी भिंतीला कान लावला. पलीकडे कुणीतरी कुणाशीतरी बोलत होतं. पण भोक पक्कं बुजलं होतं, आणि ते आमचं नाव घेतायत की काय, काहीच कळत नव्हतं.