गोजराबाईच्या पाठीवर

मित्रांनो, मी एक जुने इरले आहे, रिहे गावातल्या एका गोठ्यात आढ्याला टांगलेले. बांबूच्या कामट्यांत पळसाची पाने गुंफून डोंगरावरच्या धाकलूने मला विणले. भातलावणीच्या वेळी माझी मालकीण गोजराबाई मला डोक्यावरून पाठीवर घेई. पाऊस मी झेलत असे.

गोजराबाईचा हात मोठा चलाख होता. "हिचं इरलंबी कसं पळतंय बघा!" असे बाया म्हणत, तेव्हा मीही फुगत असे.

मग तिचे सांधे धरले. सकाळी बोटे मिटत नसत, गुडघे उकलत नसत. दुपारपर्यंत अंग थोडे मोकळे होई, तेव्हा कुठे ती शेतात उतरे. बायांना तिने हे सांगितलेही.

आमच्याकडे लावणी एकमेकींच्या मदतीने होई. जितके दिवस तुम्ही दुसरीच्या भातखाचरात वाकाल, तितके दिवस ती तुमच्या खाचरात येणार. गोजराबाईच्या घरात दुसरी बाई नव्हती. तिचे दिवस अर्धेच धरले, तर तिचे खाचर अर्धेच लागणार होते.

शेजारची रत्नाबाई एकदा म्हणालीच, "सकाळी कण्हायचं आन् दुपारी सगळ्यांच्या म्होरं पळायचं! जेवायच्या टायमाला बरं हुतंय, असलं कसलं गं दुखणं?"

सगळ्या हसल्या. गोजराबाईही हसली. माझ्याखाली तिची पाठ मात्र आखडली.

दुसऱ्या दिवशी सकाळीच सगळ्यांबरोबर पोचायचे, असे तिने ठरवले. वाऱ्याने उडू नये म्हणून माझी दोरी छातीशी बांधावी लागे. बोटांना ते जमेना. तिने दोरी दातांत धरली आणि मान हिसडून गाठ ओढू लागली. ओठ फाटला. तिला हाक मारायला आलेली रत्नाबाई दारातच थबकली.

"रोज आसंच करतीस?"

"सकाळी हे हात माझं वाटतच न्हाईत, रत्नाक्का. दुपारी जरा नरम पडत्यात."

"मग सांगायचं न्हाईस व्हय?"

"सांगितलं की. तुमी हसलात."

रत्नाबाईने मला उतरवून खुंटीला लावले. "बस चुलीपाशी. दुपारी ये." शेतात जाऊन तिने बायांना काय बजावले, ते मी मागाहून त्यांच्याच तोंडून ऐकले: "गोजरीचा दिवस दुपारी उगवतो. पुरा धरायचा. हसायचं आसंल तर आधी मला हसा, मीच पयली हसले हुते."

त्या वर्षी गोजराबाईचे खाचर पुरे लागले. दुखणे काही गेले नाही. काही दिवस ती दुपारीही येऊ शकली नाही. तेव्हाही कुणी तिला हसले नाही.

मित्रांनो, माझी पाने आता झडत आली आहेत. एक सांगून ठेवतो: काल चालणारे माणूस आज उठले नाही, तर त्याला ढोंगी म्हणू नका. जवळ बसा, आज कसे आहे ते विचारा, आणि ते सांगेल ते खरे माना.